परिशिष्ट की प्रक्षेप?

गेल्या कोजागिरीला आमच्या मंडळाच्या बैठकीत एका ज्येष्ठ सभासदांनी मला विचारले, "या अंकासाठी काय लिहिता आहात?" मी म्हणालो, "स्वीडनमधल्या एका संगणकीय खेळावर, आणि त्यात मागाहून घातलेल्या एका बेटावर." क्षणभर कोणी काही बोलले नाही. मग ते अत्यंत सौजन्याने म्हणाले, "म्हणजे आता तुम्हीसुद्धा?" आणि दुधाचा पेला त्यांनी ओठांना लावला.

हा लेख त्या 'तुम्हीसुद्धा'चे उत्तर आहे. त्याचबरोबर, "फुकट मिळालेल्या भरीबद्दल तक्रार कसली?" असे विचारणाऱ्या घरोघरच्या तरुण मंडळींनाही तो उद्देशून आहे. एकाच वेळी दोन आघाड्या उघडणे शहाणपणाचे नव्हे, हे मी जाणतो. परंतु माझ्या मते दोन्ही पक्षांची चूक एकच आहे. एक पक्ष खेळाला पोरखेळ मानतो, दुसरा त्याला माल मानतो. त्याला 'पाठ' मात्र कोणीच मानीत नाही. पोरखेळ मोडला तर कोणी रडत नाही. माल बदलला तर नवा घेता येतो. पाठ बदलला म्हणजे मात्र काही प्रश्न विचारावेच लागतात : कोणी बदलला? केव्हा बदलला? आणि आधीचा कोठे आहे?

प्रथम त्या खेळाविषयी. त्याचे नाव 'टोएम'. 'समथिंग वी मेड' या स्वीडनमधील लहानशा चमूने तो घडवला आणि सप्टेंबर २०२१ मध्ये तो प्रसिद्ध झाला. २०२२ मध्ये ब्रिटिश अकादमीचे, म्हणजे 'बाफ्टा'चे, पदार्पणातील सर्वोत्कृष्ट खेळाचे पारितोषिक त्याला मिळाले. जवळजवळ संपूर्ण खेळ कृष्णधवल आहे. हाताने रेखाटलेली माणसे, झाडे, घरे, आणि त्यांत काळा, पांढरा व करडा यांखेरीज अन्य रंग सहसा सापडत नाही. त्यात शत्रू नाही, मरण नाही, डोक्यावर टिकटिकणारे घड्याळ नाही. आजीच्या घरून एक पोर निघते. आजीने त्याच्या हाती कॅमेरा दिलेला असतो. डोंगरमाथ्यावर दिसणारे 'टोएम' नावाचे नवल पाहून यायचे, एवढाच प्रवासाचा हेतू. या आजीचे नाव 'नाना' आहे. आमच्याकडे नाना म्हणजे धोतर-टोपीतले माझे चुलत आजोबा. त्यामुळे माझी नात पहिल्या दिवशी हसून हसून बेजार झाली होती.

वाटेत जंगलातले गाव लागते, समुद्रकाठचे बंदर लागते, शहर लागते आणि शेवटी हिमाच्छादित पर्वत. प्रत्येक ठिकाणी लोक भेटतात. कोणाचे काही हरवलेले असते, कोणाला एखाद्या गोष्टीचे छायाचित्र हवे असते, कोणाला नुसती सोबत हवी असते. काम झाले की कार्डावर शिक्का मिळतो. पुरेसे शिक्के जमले की पुढच्या गावाची बस फुकट. सगळी कामे केलीच पाहिजेत अशी सक्ती नाही. हे सारे मी नातीच्या खांद्यावरून पाहिले. पाहता पाहता जाणवले की आमच्या पिढीने ललित निबंधात जे शोधले, म्हणजे काही विशेष न घडणारा दिवस आणि त्या दिवसाकडे नीट पाहणारी नजर, तेच येथे वेगळ्या साधनाने साधले आहे. कॅमेरा डोळ्याला लावीपर्यंत जग वरून, चित्रातल्यासारखे दिसते. लावला की आपण त्या जगात उभे असतो. निरीक्षण हीच येथली एकमेव कृती. याला ज्यांना वाङ्मय म्हणवत नाही त्यांनी म्हणू नये. पण 'पोरखेळ' म्हणण्यापूर्वी एक संध्याकाळ नातवंडाशेजारी बसून काढावी.

आता त्या बेटाविषयी. २०२२ मध्ये कर्त्यांनी या खेळात मोठी भर घातली. 'बास्तो' नावाचे उन्हाळी बेट, त्यावरील नवी माणसे, नवी कामे, टिपण्यासाठी नवे जीव. आणि हे सर्व ज्यांच्याकडे खेळ होता त्यांना विनामूल्य. येथेच माझा विषय सुरू होतो.

पाठचिकित्सा हा शब्द आपल्या घरांना नवा नाही. पुण्याच्या भांडारकर संस्थेने १९१९ मध्ये महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचे काम हाती घेतले. १९२५ पासून विष्णु सीताराम सुकथनकर यांनी त्याला शास्त्रीय शिस्त लावली आणि १९६६ मध्ये ते पुरे झाले. आमच्या बडोद्याच्या प्राच्यविद्या मंदिराने वाल्मीकिरामायणाची चिकित्सक आवृत्ती १९६० ते १९७५ या काळात सात कांडांत सिद्ध केली. या दोन प्रचंड कामांनी आपल्याला एक विवेक शिकवला. मूळ पाठ, पाठभेद, प्रक्षेप आणि परिशिष्ट या चार वेगळ्या गोष्टी आहेत, आणि त्यांची सरमिसळ करणे हा ग्रंथाचा अपराध आहे. व्यासांनी सांगावे आणि गणपतीने लिहून घ्यावे, ही आपल्या सर्वांच्या बालपणीची कथा संशोधित महाभारताच्या मुख्य पाठात नाही. ती परिशिष्टात आहे. संपादकांनी ती फाडून टाकली नाही. तिची जागा दाखवून दिली, इतकेच. ज्याला हवी त्याला ती आजही त्याच ग्रंथात सापडते.

या विवेकाने पाहिले तर खेळांत मागाहून होणारे बदल तीन प्रकारचे ठरतात. पहिला प्रकार शुद्धिपत्राचा. कोठे दार उघडत नाही, कोठे पात्र भिंतीत अडकते. ते दुरुस्त करणे म्हणजे मुद्रणदोष सुधारणे. त्याबद्दल कोणाची तक्रार नसावी. दुसरा प्रकार परिशिष्टाचा. मूळ कृती पूर्ण असते, तिचा आरंभ व शेवट अबाधित राहतो, आणि बाजूला एक नवे दालन उघडते. तिसरा प्रकार प्रक्षेपाचा. येथे मूळ कृतीच्या पोटात हात घालून तिची रचना, तिचा स्वर, कधी तिचा हेतूही बदलला जातो, आणि 'सुधारित' या एका शब्दाखाली जुने पुसले जाते.

बास्तो हे परिशिष्ट आहे, आणि म्हणून मला त्याचा आदर वाटतो. त्या बेटावर पाऊल न ठेवताही डोंगरमाथ्यापर्यंतचा प्रवास पुरा होतो. आजीचे घर, जंगल, बंदर, शहर आणि हिम यांचा क्रम हलवलेला नाही. 'लोकांना रंग हवेत' म्हणून बेट रंगीत केले नाही. जी शाई मूळ ग्रंथाची तीच परिशिष्टाची. माझ्या नातीने आधीच्या प्रवासात काढलेली छायाचित्रे तिच्या संग्रहात होती तशीच राहिली. कर्त्यांना आपली कृती कोठे संपते याचे भान होते. हे भान आपल्याकडील कित्येक वाढीव आवृत्त्यांच्या लेखकांनाही नसते, हे मी दीर्घ वाचनानुभवाने सांगतो.

दुर्दैवाने या व्यवसायातील बडी घराणी प्रक्षेपाच्या वाटेने गेली आहेत. २००२ सालचा 'वॉरक्राफ्ट ३' हा गाजलेला खेळ जानेवारी २०२० मध्ये 'रिफोर्ज्ड' या नावाने नव्याने घडवून विकला गेला. तेव्हा ज्यांनी नवा खेळ घेतलाच नव्हता, त्यांच्याही जुन्या खेळातील काही सोयी नाहीशा झाल्या. २०१६ मध्ये पैसे घेऊन विकलेला 'ओव्हरवॉच' ऑक्टोबर २०२२ मध्ये बंद करण्यात आला आणि त्याच्या जागी त्याचा दुसरा भाग बसवण्यात आला. पहिला खेळायचा म्हटले तरी मार्ग उरला नाही. २०१४ चा 'द क्रू' तर मार्च २०२४ अखेर पूर्णतः बंद झाला, कारण तो प्रकाशकाच्या यंत्रणेशी जोडल्यावाचून चालतच नव्हता. हा प्रक्षेपही नव्हे. ही गाथा बुडवणे झाले. तुकोबांची गाथा निदान लोकांच्या मुखी तरली होती. येथे मुखोद्गत करण्यासारखेही काही नसते.

यावर तरुण मित्र म्हणतात, "काका, कंपनीचा माल, कंपनीची मर्जी. शिवाय भर फुकट मिळते." या युक्तिवादाचा पहिला भाग लबाड आहे आणि दुसरा भोळा. दुकानात 'खरेदी करा' असे लिहायचे, आणि वाद झाला की 'तुम्ही फक्त परवाना घेतला होता' असे सांगायचे, ही रीत इतकी बोकाळली की कॅलिफोर्निया राज्याला २०२४ मध्ये कायदा करून विक्रेत्यांना हे आधीच स्पष्ट सांगण्यास बांधून घ्यावे लागले. युरोपात 'खेळ मारू नका' अशा आशयाच्या नागरिक मोहिमेला २०२५ मध्ये दहा लाखांहून अधिक लोकांनी सह्या दिल्या. ही सारी माणसे रिकामटेकडी होती काय? आणि 'फुकट' म्हणाल, तर जे देताना तुमच्याजवळचे काही काढून घेतले जाते त्याला फुकट म्हणत नाहीत; त्याला अदलाबदल म्हणतात, आणि अदलाबदलीत दुसऱ्या पक्षाची संमती लागते.

येथे एक घरगुती गोष्ट सांगणे भाग आहे. माझ्या पत्नीच्या अखेरच्या दीड वर्षात तिला अंथरुणावरून फारसे उठवत नसे. नातीने तिच्या फोनवर एक साधासा खेळ घालून दिला होता. काळ्यापांढऱ्या रेषांचे एक अंगण. त्यात रोपे लावायची, पाणी घालायचे, उन्हाळ्यात मांडव घालायचा. बस्स. तिने त्या अंगणात आमच्या जुन्या वाड्याची आठवण ठेवून तुळस, प्राजक्त आणि विहिरीजवळ कर्दळ अशी मांडणी केली होती. वाडा १९८६ मध्येच गेला होता. त्याचा नकाशा तिच्या बोटांत शिल्लक होता. ती गेल्यावर मी कधीमधी ते अंगण उघडून पाहत असे. एके सकाळी फोनने रात्रीतून स्वतःच नवी आवृत्ती घेतलेली दिसली. अंगण रंगीत झाले होते, मध्ये नाणी उडत होती, विहीर नव्हती, आणि तिची रोपे 'नव्या व्यवस्थेत हलवता आली नाहीत' असा एक ओळीचा निरोप होता. मी पत्र धाडले. नवी आवृत्ती अधिक सुंदर असल्याचे आश्वासन देणारे उत्तर आले. त्या कंपनीचे नाव मी येथे घेत नाही. एकट्या तिचा हा दोष नाही. हा आज सर्वमान्य झालेला शिरस्ता आहे, आणि माझा राग त्या शिरस्त्यावर आहे.

आता ज्येष्ठ सभासदांच्या आक्षेपाकडे वळतो. ते म्हणतील, कर्त्याला आपली कृती सुधारण्याचा हक्क नाही काय? एकनाथमहाराजांनी ज्ञानेश्वरी शुद्ध केली नाही काय? केली, आणि कशी केली ते पाहावे. शके १५०६ मध्ये, म्हणजे इ. स. १५८४ मध्ये, त्यांनी पाठभेदांनी गढूळ झालेला ग्रंथ शुद्ध केला, त्या कार्यावर काळाची नोंद केली, आपले नाव घातले, आणि पुढे कोणी यात आपली ओवी मिसळू नये असा खणखणीत इशारा दिला. त्यांनी जुन्या पोथ्या गोळा करून जाळल्या नाहीत. म्हणूनच सव्वातीनशे वर्षांनी, १९०९ मध्ये, इतिहासाचार्य राजवाडे एकनाथपूर्व पाठ म्हणून एक प्रत छापू शकले आणि विद्वानांना तिच्यावर भांडता आले. भांडण हे जिवंत वाङ्मयाचे लक्षण आहे. पण भांडायला दोन प्रती लागतात.

चित्रपटाचे उदाहरण आपल्याला जवळचे आहे. १९६० चा 'मुघल-ए-आझम' बहुतांशी कृष्णधवल होता. २००४ मध्ये तो संपूर्ण रंगवून पुन्हा दाखवला गेला. कोणाला तो आवडला, कोणाला तो विटंबना वाटला. मी दुसऱ्या पक्षातला. परंतु मूळ प्रत शिल्लक होती, म्हणून रसिकांना दोन्ही समोर ठेवून बोलता आले. एखाद्या रात्री देशभरातल्या साऱ्या कृष्णधवल प्रती आपोआप रंगीत झाल्या असत्या तर? फोनवरच्या आणि संगणकावरच्या खेळांच्या बाबतीत नेमके हेच घडते, आणि आपण त्याला प्रगती म्हणतो. काळापांढरा म्हणजे रंगांचा अभाव, अशी समजूत करून घेतलेल्या माणसाला प्रत्येक रेखाचित्र अपुरे वाटणारच. आपल्या भिंतींवरचे पणजोबांचे छायाचित्र ज्यांना अपुरे वाटत नाही, त्यांना तरी हे समजावून सांगण्याची गरज पडू नये.

माझी सचोटी सिद्ध करण्यासाठी आणखी एक गोष्ट कबूल केली पाहिजे. 'टोएम'ची मी स्तुती केली. पण आज तो खेळ विकत घेणाऱ्याच्या हाती बास्तोसह असलेलीच प्रत पडते. २०२१ च्या सप्टेंबरात वाचकांनी, क्षमा करा, खेळणाऱ्यांनी, जी कृती पाहिली ती जशीच्या तशी मागायची तर दुकानाच्या फळीवर ती नसते. म्हणजे उत्तम परिशिष्टसुद्धा आज जुन्या प्रतीवर चिकटवूनच येते. दोष कर्त्यांचा नाही, वितरणाच्या पद्धतीचा आहे. परंतु पद्धत माणसेच घालतात आणि माणसेच बदलू शकतात.

अमेरिकेतील 'व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन'ने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीत, २०१० पूर्वी त्या देशात प्रसिद्ध झालेल्या खेळांपैकी सुमारे ८७ टक्के खेळ आता बाजारात मिळत नाहीत असे आढळले. ग्रंथांच्या बाबतीत असे घडले असते तर आपण काय केले असते? उत्तर आमच्या गावात उभे आहे. १९१० मध्ये सयाजीराव महाराजांनी विल्यम बोर्डन या अमेरिकन ग्रंथपालास बडोद्यास आणून संस्थानभर ग्रंथालये उभारण्यास आरंभ केला. जे छापले जाते ते जपणे हे राज्याचे कर्तव्य आहे, ही समज त्यामागे होती. फ्रान्सच्या राष्ट्रीय ग्रंथालयात १९९२ च्या कायद्यापासून खेळांच्या प्रती ग्रंथांप्रमाणेच जमा होतात. आपल्याकडचा १९५४ चा ग्रंथप्रदान कायदा पुस्तके आणि वृत्तपत्रे यांच्यापुरताच बोलतो. त्याला खेळ ठाऊक नाही, आणि ठाऊक करून देण्याची घाई कोणाला दिसत नाही.

म्हणून माझ्या मागण्या तीनच आहेत. एक : कोणताही मोठा बदल करताना काय घातले, काय काढले आणि काय हलवले याची साध्या भाषेतील यादी कृतीसोबत असावी, 'अनेक सुधारणा' हे दोन शब्द पुरेसे नाहीत. दोन : ज्याने कृती विकत घेतली त्याला आधीची प्रत ठेवण्याची मुभा असावी, नवी आवृत्ती रात्री गुपचूप घरात शिरू नये, तिने दार वाजवावे. तीन : जशी पुस्तकाची तशी खेळाच्या प्रत्येक महत्त्वाच्या आवृत्तीची एक प्रत सार्वजनिक ग्रंथालयात जमा व्हावी.

या मागण्या कोणाकडे करायच्या? दूर जावे लागत नाही. आपल्याच घरांतली मुलेमुली हैदराबाद, पुणे, बंगळूर येथे संगणकाच्या कचेऱ्यांत बसून अशा आवृत्त्या रोज घडवतात. सणासुदीला ती घरी येतात. त्यांना पगार विचारून झाला की हेही विचारा : "अरे, जुनी प्रत कोठे ठेवतोस?" तो प्रश्न एखाद्याच्या जरी मनात राहिला, तरी मी भरून पावलो.

आणि आपण स्वतः? आपण ती माणसे आहोत, ज्यांनी मुलूख सुटल्यावर पेटाऱ्यांत पोथ्या आणल्या, पानाच्या कडेला पाठभेद लिहिले, आणि वाळवी लागली तरी पहिली आवृत्ती फेकली नाही. भाषा या प्रदेशांत टिकली ती त्या पेटाऱ्यांमुळे. नव्या पिढीच्या पेटाऱ्यात कागद नसेल, काळ्यापांढऱ्या रेषांचे एखादे बेट असेल. त्याला 'पोरखेळ' म्हणून आपण पाठ फिरवली, तर जपण्याची कला आपल्याबरोबरच संपेल, आणि दोष मुलांना देता येणार नाही.

बास्तोवरची छायाचित्रे नातीने मला दाखवली. मी तिला म्हणालो, "ही कोठेतरी वेगळी उतरवून ठेव." ती म्हणाली, "आजोबा, खेळात आहेत की." मी तिला आजीच्या अंगणाची आठवण दिली. ती काही बोलली नाही. उठली आणि ती सगळी तिने एका वेगळ्या तबकडीवर उतरवून कपाटात, पोथ्यांच्या खणात ठेवून दिली.